न्हयबाबांचा होकार

डिचोलीत मी खोली बघायला गेलो तेव्हा घरमालकांनी मला खोली कशी आहे ते सांगितलं नाही. कशी नाही तेवढंच सांगितलं.

"गळत नाही. उंदीर नाहीत. शेजारी कोणी पेटी शिकत नाही. पूर्वेला खिडकी नाही."

एवढं बोलून ते सोप्यावरच्या खुर्चीत जाऊन बसले. मी विचारलं, "म्हणजे खोली बरी आहे ना?" तर माझ्याकडे असे बघत राहिले, जणू मी भलतंच काही मागितलं होतं. शेवटी आतून घरमालकीण काकी आल्या आणि म्हणाल्या, "बरी आसा रे. ट्रंक हाड तुझी." मी ट्रंक आणली आणि त्या घरात सहा वर्षं राहिलो.

मी सावंतवाडीकडचा. सुर्ल्याच्या एका लोहखनिजाच्या खाणीवर वजनकाट्याशेजारच्या खोपीत बसून ट्रकांच्या चिठ्ठ्या लिहायचो. संध्याकाळी घरी यायचो तो पायापासून भुवयांपर्यंत तांबडा होऊन. काकी अंगणातच पाण्याची बादली ठेवत. घरमालक मला आपादमस्तक न्याहाळत आणि म्हणत, "आज पांढरा नाही." हा त्यांचा विनोद होता की निरीक्षण, ते मला सहा वर्षांत कळलं नाही.

गावात त्यांना न्हयबाब म्हणत. कोकणीत 'न्हय' म्हणजे नव्हे. हे नाव त्यांच्या तोंडावर कोणी घेत नसे, पण पत्ता विचारला तर पोस्टमनसुद्धा त्याच नावाने सांगायचा. मीही इथे तेच वापरतो. खरं नाव सांगितलं असतं तर त्यांना ते आवडलं नसतं.

त्यांचा नियम कळायला मला वर्ष लागलं. तो असा: क्षुल्लक गोष्टींना 'आहे' चालतं, मोठ्या गोष्टींना फक्त 'नाही'. नगरपालिकेचा एक सभासद गाढव आहे, हे ते बाजारात उभं राहून खणखणीत सांगत. म्हापशाची बस खटारा आहे, डॉक्टर चोर आहे, जावई आळशी आहे. इथे त्यांची जीभ अडत नसे. पण ज्याबद्दल मनात आदर असे त्याबद्दल बोलताना ते डोळे मिटत आणि एकेक गोष्ट नाकारत जात. स्वतःच्या बायकोबद्दल त्यांनी उच्चारलेलं सर्वांत प्रेमाचं वाक्य मी ऐकलंय: "ती नसती तर काय असतं ते मी सांगणार नाही."

काकींनी वीस-पंचवीस वर्षांत याचा कोश तयार केला होता. "कढी 'बरी' म्हणाले की मी ती ओतून टाकते," त्या मला म्हणाल्या, "आणि 'आंबट न्हय' म्हणाले की वाटीभर शेजारी पाठवते."

या सगळ्याचं मूळ एका पत्र्याच्या पेटीत होतं. पोर्तुगीज काळात न्हयबाब कामरीत, म्हणजे तेव्हाच्या नगरपालिकेत, लेखनिक होते. पोर्तुगीज गेले तेव्हा इथल्या एका पोर्तुगीज डॉक्टरच्या सामानाचा लिलाव झाला. कोणी घड्याळ घेतलं, कोणी मच्छरदाणीचा पलंग. न्हयबाबांनी पत्र्याची पेटी घेतली, कारण काकींना मुंग्या लागणार नाहीत अशी पापडांची पेटी हवी होती. पेटीच्या तळाशी एक जाडजूड पुस्तक निघालं. सुरुवातीची तीसेक पानं वाळवीने खाल्लेली. त्यामुळे पुस्तकाचं नाव काय, लिहिलं कोणी, हे त्यांना कधीच कळलं नाही. ते चाळायला म्हणून बसले आणि काकींचे पापड पुढचे दोन पावसाळे डब्यातच राहिले.

पुस्तक होतं आठ-नऊशे वर्षांपूर्वीच्या मुसलमान आणि यहुदी विचारवंतांवरचं. स्पेन-पोर्तुगालवर अरबांचं राज्य होतं तेव्हाचे लोक. त्यातले तिघे न्हयबाबांच्या घरातलेच होऊन गेले. एक वैद्य, एक काजी आणि एक शेख. नावं ते घेत नसत. "पोर्तुगीजांनी ह्या नावांची अशी वाट लावलीय, की त्या नावाने हाक मारली तर माणूस मागे वळून बघायचा नाही," म्हणत. वैद्य हा कोर्दोबाचा यहुदी. वाईट दिवस आले म्हणून घरदार सोडून मिसराला, म्हणजे इजिप्तला, गेला, दिवसभर सुलतानाच्या घरच्यांच्या नाड्या बघायचा आणि उरलेल्या वेळात देवाविषयी लिहायचा. काजी त्याच गावचा मुसलमान न्यायाधीश, बुद्धीपलीकडचं काही मानायला नाखूष. आणि शेख मुर्सियाचा सूफी, या दोघांपेक्षा लहान, आयुष्यभर भटकलेला.

न्हयबाब या तिघांबद्दल असे बोलत, की ऐकणाऱ्याला ते मये किंवा नार्वे गावचे वाटावेत. "वैद्याचं म्हणणं वेगळं आहे," असं एकदा म्हणाले तेव्हा गुडघे दुखणाऱ्या एका शेजारणीने विचारलं, "खंय बसता तो?" न्हयबाब म्हणाले, "आतां बसना." ती बिचारी हळहळून निघून गेली.

'नाही'चा नियम वैद्याचा होता. देव मोठा आहे म्हटलं की माप आलं, माप आलं की तो देव राहिला नाही. म्हणून तो काय नाही एवढंच म्हणावं, आणि म्हणता म्हणता जवळ जावं. मला समजत नाही असं बघून त्यांनी उदाहरण दिलं.

"समज, नदीत काहीतरी तरंगतंय आणि तुला ते माहीत नाही. मी सांगितलं, तो दगड न्हय. झाड न्हय. मासळी न्हय. पोकळ नाही असंही न्हय. असं करत करत तू बार्जीपाशी येऊन पोचतोस की नाही?"

"सरळ खनिज वाहणारी बार्ज म्हटलं असतं तर लगेच कळलं असतं."

"तू खाणीवर कामाला आहेस म्हणून," ते म्हणाले आणि पुस्तक मिटलं.

माझ्यासारख्याशी बोलण्यात त्यांना रस नव्हता. त्यांना एकच माणूस पुरायचा. बाजारात दुकान असलेले टेलरमास्तर. मास्तर मुसलमान, पन्नाशीचे, चष्म्याची एक दांडी दोऱ्याने बांधलेली. लहानपणी आजोबांजवळ अरबी वाचायला शिकलेले. पोर्तुगीज त्यांना येत नव्हतं आणि न्हयबाबांना अरबी. रोज संध्याकाळी न्हयबाब पुस्तक पिशवीत घालून दुकानात जात, तिथल्या स्टुलावर बसून पोर्तुगीजचं कोकणी करून सांगत आणि मास्तर शिवता शिवता मोडलेली अरबी नावं सरळ करून देत. वीस वर्षांत या पद्धतीने त्यांची दोनशे पानं झाली होती. कारण प्रत्येक पानावर भांडण होतं.

"बाब, देवाची नव्व्याण्णव नांवां आसात," मास्तर म्हणायचे. "दया करणारा, पाळणारा, ऐकणारा. एकाही नावात 'नाही' नाही."

"ऐकणारा म्हटलं की कान आले."

"कान तुमच्या डोक्यात आले, बाब. त्याला कशाला आले?"

मास्तर शेखाच्या बाजूचे. शेखाची एक गोष्ट सांगताना ते मशीन थांबवत. सगळी नावं आत कोंडून बसली होती, त्यांना हाक मारायला कोणीच नव्हतं, म्हणून देवाने एकदा श्वास सोडला. तो सोडलेला श्वास म्हणजे हे जग. यावर न्हयबाब म्हणत, "हें खोटें अशें हांव म्हणचो ना." मास्तर हसत आणि मशीन पुन्हा चालू करत.

त्यांचा सगळ्यांत जुना खटला एका भेटीवरून होता. शेख पोरसवदा असताना म्हाताऱ्या काजीने त्याला बोलावून विचारलं, तुला एकांतात बसून जे सापडलं ते आणि आम्हांला बुद्धीने जे सापडलं ते एकच का? पोरगा म्हणाला, होय. काजी खूश झाला. तो का खूश झाला हे पोराने ओळखलं आणि म्हणाला, नाही. काजीचा चेहरा उतरला. मास्तरांच्या मते खरी गोष्ट त्या 'होय'ची, न्हयबाबांच्या मते 'नाही'ची. वीस वर्षं दोघांपैकी एकजणही तसूभर हलला नव्हता. मला वाटायचं, कसली ही रिकामी कामं. आता तसं वाटत नाही.

मास्तरांबद्दल एक सांगायला हवं. तो माणूस खोटं बोलत नसे. कापड कमी पडणार असेल तर पडणार म्हणत, गिऱ्हाइकाचं पोट सुटलं असेल तर सुटलं म्हणत. त्यामुळे दुकानात गर्दी नसायची.

ते भाषेच्या आंदोलनाचे दिवस होते. मराठी की कोकणी यावरून सख्खे भाऊ बोलेनासे झाले होते आणि रस्त्यांवर झाडं आडवी पडत होती. न्हयबाबांकडे दोन्ही बाजूंचे लोक सहीसाठी आले. मराठीवाल्यांच्या कागदावर होतं, मराठी ही आमची भाषा आहे. न्हयबाब म्हणाले, 'आहे' खोडा. "मराठी आमची नाही असं नाही, एवढ्यावर मी सही करतो." ते तावातावाने गेले. दुसऱ्या दिवशी कोकणीवाले आले, त्यांनाही हेच सांगितलं. वर ऐकवलं, "वैद्य यहुदी होता, लिहायचा अरबी आणि अक्षरं काढायचा हिब्रू. त्याला कोणी विचारलं नाही तुझी कुठली." दोन्ही बाजूंनी त्यांना फितूर ठरवलं. महिनाभर दोन्हीकडचे लोक त्यांच्याशी बोलत नव्हते, आणि तेवढ्या एका गोष्टीवर दोन्हीकडच्यांचं एकमत होतं. पुढे गोवा राज्य झालं तेव्हा बाजारात पेढे वाटले. न्हयबाबांनी पेढा खाल्ला आणि म्हणाले, "केंद्रशासित न्हय, इतलेंच म्हणूं येता."

आता माझ्यावर आलेला प्रसंग सांगतो.

मी तिशीला टेकलो होतो. तांबड्या धुळीच्या माणसाला मुलगी द्यायला कोणी तयार नव्हतं. दोन स्थळं माझे शर्ट बघूनच परत गेली होती. तिसरं मामांनी आणलं, पेडण्यातल्या मोरजीचं. मी बघायला गेलो. मुलीने पोह्यांची बशी पुढे केली, माझ्या कॉलरकडे पाहिलं आणि हळूच विचारलं, "हा रंग धुतल्यावर जातो?" मी म्हटलं, "नाही." ती म्हणाली, "मग बरं. मला वाटलं आजच लागलाय." आणि हसली. मी डिचोलीला परत आलो तो दुसरा काही विचारच करू शकत नव्हतो. मला ती हवी होती, हे मी इथे लिहून ठेवतो. तेव्हा कोणाला सांगायची छाती झाली नाही.

मुलीचे वडील निवृत्त हवालदार. मुलाची चौकशी केल्याशिवाय ते होकार देणार नव्हते. एका रविवारी मी गावी गेलेलो असताना ते वही घेऊन डिचोलीला आले आणि थेट घरमालकांसमोर बसले. पुढचं मला काकींनी सांगितलं.

"मुलगा कसा?" हवालदारांनी विचारलं.

न्हयबाबांनी डोळे मिटले. काकींनी तिथेच ओळखलं, आता काय येणार ते.

"खोटं बोलत नाही," न्हयबाब म्हणाले.

हवालदारांनी वहीत लिहिलं. "आणि?"

"कोणाच्या वस्तूला हात लावत नाही."

"बरं. आणखी?"

"बायकांच्या वाटेला जात नाही. मारामारीत सापडलेला नाही. पिऊन पडलेला आम्ही पाहिला नाही."

काकी आतून ओरडल्या, "अहो, सोन्यासारखो चलो तो!" चलो म्हणजे मुलगा. हवालदार म्हणाले, "वहिनी, मी मालकांना विचारतोय." आणि त्यांनी वही मिटली.

आठ दिवसांनी मामांचं पत्र आलं. हवालदारांनी मध्यस्थाला सांगितलं होतं, "तीस वर्षं पोलिसात काढली मी. चोरीचं नाव कोणी काढलेलं नसताना जो 'चोरी करत नाही' म्हणतो, त्याच्या घराची झडती घ्यायची असते. मालकांनी आपणहून पाच गुन्हे नाकारले. आमची मुलगी आम्हांला जड झालेली नाही."

पत्र वाचून मी सोप्यावर गेलो आणि न्हयबाबांवर ओरडलो. घरमालकावर आवाज चढवायची माझी ती पहिलीच वेळ. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, "तुज्याविशीं हांवें एक पावट लेगीत 'आसा' म्हटलें ना." एकदासुद्धा नाही, हे ते अभिमानाने सांगत होते. त्यांनी मला वैद्याच्या देवाच्या पंगतीला नेऊन बसवलं होतं आणि मी भांडत होतो.

"तुमचो देव तुमच्याकडे ठेवा," काकी बाहेर येऊन म्हणाल्या. "पोराचं लग्न मोडलं तुम्ही!"

तेव्हा कुठे त्यांच्या ध्यानात आलं. चेहरा एकदम म्हातारा झाला. म्हणाले, "मी मोरजीला जातो. सांगतो मुलगा चांगला आहे."

"इथे एकदा म्हणून दाखवा," काकी म्हणाल्या.

"मुलगा," न्हयबाब म्हणाले आणि थांबले. पुन्हा सुरुवात केली, पुन्हा थांबले. हट्ट नव्हता तो. त्यांच्या कपाळावर घाम आला होता. शेवटी माझ्याकडे बघून म्हणाले, "चांगलो म्हटलो की तू तितलोच उरता रे. माणूस एका शब्दात मावला. तुला मी एवढासा कसा करू?"

मला राग धरून ठेवता आला असता तर बरं झालं असतं. पण त्या वाक्यानंतर तो राहिला नाही. आजवर माझ्या बापानेसुद्धा मला इतकं मोठं मानलेलं नव्हतं, आणि त्याच मोठेपणापायी माझं लग्न मोडलं होतं.

तोडगा मास्तरांनी काढला. "बोलायचं मी," ते म्हणाले. "बाबांनी फक्त शेजारी बसायचं आणि 'न्हय' म्हणायचं नाही. नाकारलं नाही म्हणजे मानलं, हवालदाराला एवढं पुरे." न्हयबाबांनी दोन दिवस विचार केला. गप्प बसण्याला वैद्याची ना नव्हती, उलट सगळ्या 'नाही'च्याही पलीकडे शेवटी गप्पच बसायचं असतं, असं पुस्तकात होतं. तयार झाले.

आम्ही तिघे म्हापशावरून शिवोलीला आणि तिथून फेरीने चोपड्याला उतरलो. फेरीत मास्तर पुन्हा पुन्हा बजावत होते, "बाब, काही विचारलं तर चहा प्यायचा." न्हयबाब पाण्याकडे बघत मान हलवत होते.

हवालदारांनी आम्हांला बाकावर बसवलं आणि स्वतः खुर्ची समोर ओढून बसले. आतल्या दाराचा पडदा थोडा हलला. मास्तरांनी चष्मा नीट केला आणि सुरुवात केली. "मुलगा नेक आहे. मेहनती आहे. मोठ्यांना मान देणारा आहे. मन साफ आहे, हात साफ आहे." ते नव्व्याण्णवपर्यंत जातात की काय असं मला वाटायला लागलं. हवालदारांनी पेन्सिल उचलली नाही.

"तुम्ही मुलाचे कोण?"

"शर्ट शिवतो त्याचे."

"म्हणजे तो तुमचं गिऱ्हाईक," हवालदार म्हणाले. मास्तरांना मान हलवावी लागली. ते खोटं बोलणारे नव्हते.

हवालदार न्हयबाबांकडे वळले. न्हयबाबांनी ताबडतोब चहाचा ग्लास तोंडाला लावला. हवालदार थांबले. अशी माणसं त्यांनी पुष्कळ बघितली होती. चहा संपला, न्हयबाबांनी रिकामा ग्लासही थोडा वेळ तोंडाशी धरला, आणि मग तो खाली ठेवावा लागला.

"मालक, मुलगा तुमच्या घरात राहतो. हे म्हणतात ते खरं का? माका हय की न्हय, इतक्याच सांगा."

न्हयबाबांनी माझ्याकडे पाहिलं. मग मास्तरांकडे. मास्तर खाली मान घालून स्वतःच्या चपलांकडे बघत होते. बाहेर माडाचं झावळ पडल्याचा आवाज झाला तरी कोणी हललं नाही. मी मनात म्हटलं, संपलं. इतक्या वर्षांचं हाड, ते आज मोडणार कसं, आणि मोडावं तरी का माझ्यासारख्यासाठी?

"हय," न्हयबाब म्हणाले.

"मोठ्यानं सांगा."

"हय. चलो चांगलो आसा."

हवालदारांनी वहीत काहीतरी लिहिलं, मग आत हाक मारून चहाबरोबर उंडे पाव आणायला सांगितले. पडद्यामागे बांगड्या वाजल्या. माझं लग्न ठरलं होतं. मास्तरांनी मान वर केली तेव्हा त्यांचा चेहरा वरात परत गेलेल्या मांडवासारखा झाला होता. वीस वर्षांचा खटला ते जिंकले होते.

परतीच्या फेरीत न्हयबाब कठड्याला धरून एकटेच उभे राहिले. मास्तर दुसऱ्या टोकाला. मधे मी. आनंद माझ्यात मावत नव्हता आणि त्या आनंदाची लाजही वाटत होती.

दुसऱ्या दिवशी न्हयबाबांनी पुस्तक फडक्यात गुंडाळून पेटीत ठेवलं. जेवताना म्हणाले, "कढी छान झाली आहे." काकींनी मला बोलावून सांगितलं, "रे, ह्यांका कितें तरी जालां." त्यानंतर ते सगळ्यालाच 'आहे' म्हणू लागले. हवा छान आहे, बस वेळेवर आहे, नगरपालिकेचा तो सभासद चांगला आहे. एके दिवशी माझ्याकडे बघून म्हणाले, "तू चांगला मुलगा आहेस." ज्या आवाजात सभासदाबद्दल म्हणाले होते त्याच आवाजात. मी खोलीत जाऊन दार लावून घेतलं. न्हयबाब आता दुकानात जात नसत, वेळ सोप्यावर बसून घालवत, आणि संध्याकाळ झाली की खुर्ची रस्त्याकडे पाठ करून ठेवत.

आठवडा गेला तसा मी दुकानात गेलो. स्टूल रिकामं होतं. मास्तर काज करत होते. मी म्हटलं, एकदा घरी या. ते म्हणाले, "कोणत्या तोंडानं येऊ? हरलेल्याच्या घरी जिंकलेल्यानं जाऊ नये." मी म्हटलं, पण तुम्ही त्यांना काही बोललाच नाहीत. "तेच तर," मास्तर म्हणाले. "काय बोलू?"

दहाव्या संध्याकाळी ते आले. न्हयबाब खुर्चीतून उठले नाहीत. मास्तर पायरीवरच उभे राहिले, टोपी काढून पुन्हा घातली आणि म्हणाले, "बाब, त्या दिवशी फेरीच्या इंजिनानं माझ्या कानांत दडे बसले होते. हवालदारानं तुम्हांला काय विचारलं आणि तुम्ही काय सांगितलं, मला काही ऐकू आलं नाही."

न्हयबाब त्यांच्याकडे बघत राहिले. "मास्तर, तुम्ही माझ्या शेजारी बसला होता."

"बसलो होतो. ऐकलं नाही."

"आणि ह्यानं?" न्हयबाबांनी माझ्याकडे बोट केलं.

"त्याला लग्न करायचंय. त्याची साक्ष धरत नाहीत," मास्तर म्हणाले. "दोनशे एकाव्या पानावर आपण थांबलोय. ती काजीची गोष्ट तशीच राहिलीय."

न्हयबाब खुर्चीतून उठले. मग आत गेले. पेटीचं झाकण वाजलं. पिशवी घेऊन बाहेर आले, चपला घातल्या, आणि दोघे बाजाराच्या दिशेने चालू लागले. वळणावर पोचायच्या आधीच त्यांचे आवाज चढलेले मला ऐकू आले. काकी दारात उभ्या राहून पदराने डोळे पुसत होत्या.

दोन दिवसांनी लग्नाचा सदरा शिवायला टाकायला मी दुकानात गेलो. न्हयबाब अजून यायचे होते. मास्तरांनी गळ्यातला टेप काढला. मला राहवलं नाही. मी विचारलं, "मास्तर, खरंच ऐकलं नव्हतं तुम्ही?"

"हात वर कर," ते म्हणाले. छातीभोवती टेप घेतला, आकडा बघितला, कागदावर लिहिला.

"ऐकलं," मास्तर म्हणाले. "स्पष्ट ऐकलं. जन्मात पहिलं खोटं बोललो मी, आणि ते देवाच्याच नव्व्याण्णव नावांपुढे उभं राहून बोललो. मला जिंकून काय करायचं होतं रे? रोज संध्याकाळी मग कोण आलं असतं इथे?"

त्यांनी माझा हात खाली घेतला आणि खांद्याचं माप घेऊ लागले.